पेटीवरच्या चार ओळी

ओळ पहिली, २०३४

‘ही शास्त्रीय उपकरणांची पेटी आहे. कृपया उघडू नये. कळवणाऱ्यास योग्य बक्षीस देण्यात येईल.’

ही ओळ बलून केंद्रातल्या शास्त्रज्ञांनी लिहिली. त्या वर्षी आकाशातून नऊ पेट्या उतरल्या आणि त्यातल्या सहा रिकाम्या सापडल्या. सोलर पॅनेल कुणाच्या गोठ्यावर होतं, ॲल्युमिनियमच्या पट्ट्या कुणाच्या फाटकाला. एक पॅराशूट लग्नात मांडव म्हणून ताणलेलं होतं. पेट्या शोधून परत आणणं हे मन्मथ बिरादारचं काम. तो त्या मांडवात जेवून आला, कारण जेवल्याशिवाय लोक मांडव सोडायला तयार नव्हते.

‘बक्षिसानं माणूस हलत नाही, मॅडम,’ परत आल्यावर तो केंद्राच्या प्रमुख डॉ. आयेशा मुकादमना म्हणाला. ‘भ्यानं हलतो. चिठ्ठी मी लिहितो.’

ओळ दुसरी, २०३५

‘आत आकाशातले मारक किरण पकडून ठेवले आहेत. हात लावला तर मरण.’

मॅडम हसल्या. पेटी किरण मोजते, साठवत नाही. असलं वाक्य एखाद्या विद्यार्थ्यानं लिहिलं असतं तर त्यांनी त्याला वर्गाबाहेर उभं केलं असतं. त्यांनी सही केली.

ओळ तिसरी, २०३६

‘यावर औषध नाही.’

एका गावात लोकांनी डॉक्टरला शेजारी बसवून, सलाईन लटकवून मगच पेटी फोडली होती. म्हणून ही ओळ.

ओळ चौथी, २०३७

‘एकाला लागले तर घरभर लागतात, घराचे गावभर.’

आणखी एका गावानं दारूची बाटली देऊन एका माणसाला पुढं घातलं होतं. त्याच्यामागे रडणारं कुणी नव्हतं. मन्मथनं ती फोडलेली पेटी पाहिली, त्या माणसाला शोधून त्याच्याशी बोलला, आणि जीपच्या बॉनेटवर कागद ठेवून चौथी ओळ लिहिली. पळवाट बुजवल्याचं समाधान त्याला मिळालं.

त्यानंतरच्या चार वर्षांत त्याच्या भागात एकतीस पेट्या उतरल्या. एकीलाही ओरखडा नव्हता.

तारा

आपल्या डोक्यावर हवेची भिंत आहे. उजेड तिच्यातून आरपार येतो, पण अवकाशातून येणाऱ्या क्ष-किरणांना ती जाड शिशासारखी अडवते. ते जमिनीपर्यंत पोचत नाहीत. ज्याला ते पाहायचे आहेत त्यानं भिंतीच्या वर चढावं. म्हणून हे बलून: दुधाच्या पिशवीहून पातळ प्लास्टिक, फुगल्यावर क्रिकेटच्या मैदानाएवढं, खाली टांगलेली आठशे किलोंची पेटी. चाळीस किलोमीटर उंचीवर ते तीन-तीन महिने तरंगत राहतं. २०४१ साली अशी बारा बलूनं एकाच वेळी वर असत.

क्ष-किरण शांत ठिकाणी जन्मत नाहीत. एक तारा दुसऱ्याला ओरबाडतो, ओरबाडलेला वायू खाली कोसळताना कोट्यवधी अंशांपर्यंत तापतो, तेव्हा ते निघतात. तारा फुटून त्याच्या चिंध्या पसरतात, तेव्हा निघतात. आकाशाचं क्ष-किरणांतलं चित्र काढलं तर त्यात चांदणं नसतं. मारामाऱ्या असतात.

मॅडम ज्या ताऱ्यावर पाळत ठेवून होत्या, तो तीस हजार प्रकाशवर्षं दूर. मेलेला तारा, एका शहराएवढा, वस्तुमानानं सूर्याहून जड. त्याचं चुंबकीय क्षेत्र इतकं प्रचंड की त्या ताणानं त्याचंच कवच तडकतं. एप्रिलमधल्या एका मंगळवारी सकाळी ते आडवंतिडवं फाटल्याची बातमी पृथ्वीवर पोचली. सूर्य लाखभर वर्षांत जेवढी ऊर्जा टाकतो तेवढी त्यानं एका सेकंदाच्या पाचव्या हिश्श्यात फेकली होती. फुटण्याआधीच्या तासाभरात कवचात कसकसे हादरे बसतात, हे माणसाला कधीच नीट टिपता आलं नव्हतं. या वेळी पेटी क्रमांक चारशे सातची नजर थेट त्यावर होती. बाकीची अकरा बलूनं पृथ्वीच्या आड होती.

चारशे सातमध्ये झेनॉन वायूनं भरलेली टाकी होती. किरण आत शिरतो, झेनॉनच्या अणूतून इलेक्ट्रॉन उडवतो, तारेवर वीज उमटते, मोजणी होते. त्या क्षणी किरण इतके आले की मोजणारा संगणक गुदमरला. वीस मिनिटं संगणकानं उत्तर दिलं नाही तर दोर आपोआप कापायचा, असा सुरक्षेचा नियम होता.

दोर कापला गेला. पेटी पॅराशूटनं खाली निघाली. पडताना ठिकाण सांगणारं यंत्र बंद झालं. रेडिओवरून फक्त सारांश आला होता; सगळी खरी नोंद पेटीतल्या एका निळ्या डब्यात होती. मन्मथ वाऱ्याचा हिशेब करून साठ किलोमीटर चुकीच्या दिशेला शोधत राहिला.

सात कॉल

मंगळवारी सकाळी नऊ ते दुपारी दोनमध्ये त्याच्या फोनवर बसवराजचे सात कॉल आले.

बसवराज म्हणजे त्याच्या बायकोचा, शिवलीलाचा, धाकटा भाऊ. डिगोळखेड गावात शेती करणारा. चौदा महिन्यांपूर्वी बसवराजच्या नव्या घराची वास्तुशांती होती. सगळ्या जावयांना टॉवेल-टोपी झाली आणि थोरल्या जावयाचं, मन्मथचं, नाव पुकारायचं राहून गेलं. मन्मथ अर्ध्या ताटावरून उठला. तेव्हापासून बोलणं बंद.

सातही वेळा त्यानं नाव बघितलं आणि फोन उलटा ठेवला.

गुरुवारी सकाळी शिवलीलाचा फोन आला. ती रडत नव्हती. ‘बसूला गोठ्यात कोंडलंय. घर जाळलंय त्याचं. तुमच्या पेटीला हात लावला म्हणून. गौरी माहेरी बाळंतपणाला गेलीय म्हणून वाचली. तुम्ही कुठं आहात?’

जीप वळवल्यावर त्यानं मंगळवारचा आवाजी निरोप ऐकला. मागं वारा होता, कापड फडफडत होतं.

‘दाजी, फोन उचला की वो. तुमची पेटी माझ्या रानात आलीय. वाऱ्यानं पॅराशूट फुगलंय, पेटी फरफटत हिरीकडं निघालीय. हिरीत गेली तर हाती येणार न्हाई. चिठ्ठी वाचली मी. हात लावला तर मरण म्हणतेत... दाजी? बरं. मी दोर कापायलोय. तुमचा राग ऱ्हाऊ द्या, नोकरी ऱ्हायली पायजे.’

गावाचा जबाब

आम्ही अडाणी नाही, हे आधी लिहून घ्या साहेब. आमच्यात कुणी नारळ फोडला नाही, अंगारा लावला नाही. आम्ही व्यंकट मास्तरांना बोलावलं. तीस वर्षं विज्ञान शिकवलेला माणूस. मास्तरांनी लांबून दुर्बिणीनं चिठ्ठी वाचली आणि फळ्यावर लिहून काढली. चार ओळी. खाली शास्त्रज्ञाची सही, शिक्का.

मग जे केलं ते चिठ्ठीबरहुकूम केलं. पेटीभोवती चाळीस पावलांवर चुन्याची रेघ मारली. बसवराजला म्हणालो, तू तिकडंच ऱ्हा. त्यानं आधी ऐकलंही. पण बुधवारी उन्हाच्या वेळी पाणी मागत गावाकडं आला. आला नसता तर पुढचं झालं नसतं. त्याच दुपारी अंगणवाडीतली तीन लेकरं ओकली. आता सांगा, आम्ही काय समजायचं?

त्याला त्याच्याच पत्र्याच्या गोठ्यात घातलं. तो खिडकीतून निघायला लागला तेव्हा पहारेनं मारलं. पायावर मारलं, डोक्यावर नाही. मास्तरांनी तसं बजावलं होतं.

घरभर लागतात असं लिहिलेलं होतं. म्हणून घर.

जावईबापू

पोलिसांची गाडी फाट्यावर थांबलेली होती. त्यांच्याकडेही चिठ्ठीचा फोटो पोचला होता. ते किरणांच्या पथकाची वाट बघत होते. मन्मथ त्यांच्या बाजूनं पुढं गेला.

गावात शिरताच लोकांनी वाट करून दिली. लिंबाखाली खुर्ची आली. गावचा जावई उभा कसा राहील? तांब्याभर पाणी आलं.

‘बसा, जावईबापू,’ व्यंकट मास्तर म्हणाले. पांढरा सदरा, नाकावर मास्क, हातात वही. ‘बसवराजनंतर तुमच्या पेटीला कुणीही हात लावलेला नाही. सगळी नोंद आहे.’

‘बसवराजला पाणी दिलं का?’

‘दिलं असतं. पण भांडं परत घ्यावं लागतं ना मग.’

मन्मथनं तांब्या खाली ठेवला. समोर घराच्या जागी चार काळ्या भिंती होत्या. वास्तुशांतीला लावलेली दाराची चौकट जळून दोन कोळसे उरले होते. पलीकडे पत्र्याचा गोठा. त्याच्या कडेनं चार माणसं कडबा रचत होती. डिझेलचा वास येत होता.

‘हे काय?’

‘बाराला पेटवायचं ठरलंय,’ मास्तर हळू आवाजात म्हणाले. ‘लेकरं तिनाची पाच झाली. मला आनंद वाटतो का? तो माझा विद्यार्थी होता. फार हुशार नव्हता.’

साडेअकरा वाजले होते.

मन्मथनं आधी सोपी वाट धरली. ‘मास्तर, त्याला माझ्या ताब्यात द्या. आमच्याकडं इलाज आहे. मी नेतो.’

मास्तरांनी वही उघडली. ‘ओळ तिसरी. यावर औषध नाही.’

‘नवीन निघालंय.’

‘कधी? चिठ्ठी तर याच वर्षीच्या तारखेची आहे. आणि दार उघडलं की आतलं बाहेर येणार. ओळ चौथी.’ मास्तरांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. ‘मेव्हणा आहे. कळतं मला.’

आपणच बांधलेल्या भिंतीत एकही फट राहिलेली नाही, हे मन्मथच्या लक्षात आलं. तो खुर्चीवर चढला.

‘ऐका! ती चिठ्ठी खोटी आहे. पेटीत किरण-बिरण काही नाही. किरण वर असतेत, आकाशात. पेटी फक्त मोजती. पाऊस मोजायचं भांडं असतंय ना, तसं. तुम्ही पेटी फोडू नये म्हणून लिहिलं. मी लिहिलं. चारीच्या चारी नाही, पहिली सोडून तिन्ही ओळी माझ्या.’

कडबा रचणारा एक जण पेंढी हातात धरून सरळ झाला. उमाकांत. बसवराजचा शेजारी, दोघांची बांधाला बांध लागलेली.

‘म्हंजे,’ उमाकांत म्हणाला, ‘मी घराला काडी लावली ती उगंच?’

‘हो.’

‘त्याच्या लग्नात मी करवला होतो.’

‘उमाकांत, गप,’ मास्तर म्हणाले.

‘मास्तर, हे काय म्हणायलेत? उगंच?’

मास्तर दोन पावलं पुढं आले आणि खुर्चीवर उभ्या मन्मथच्या कमरेत त्यांनी वहीच्या हातानंच जोरात धक्का मारला. तो खाली आपटला. मास्तर ओरडले, ‘नात्यापायी खोटं बोलताय! माणूस बोलतो खोटं. छापलेलं खोटं नसतं. शिक्का असलेलं खोटं नसतं! असतं तर मी... आम्ही...’ त्यांनी वाक्य सोडून दिलं. ‘कडबा लावा रे!’

गर्दीतून कुणीतरी ओरडलं, ‘खोटं असंल तर लाव म्हणावं हात!’

मन्मथ उठला. ओठ फुटला होता. ‘लावतो. चला.’

श्वास

पेटी गोठ्यामागच्याच रानात होती. त्यानं चुन्याची रेघ ओलांडली. गाव रेघेवर थांबलं, दीडदोनशे माणसं. खिशातला फोन चालू होता. मॅडम केंद्रातून ऐकत होत्या.

‘मन्मथ, निळा डबा उजव्या बाजूला आहे. चार स्क्रू. आधी तो काढ.’

‘आधी हे, मॅडम.’

त्यानं पेटीला हात लावला. पेटीवर गाल टेकवला. लोक हलले नाहीत. हात कुणीही लावेल. मरण काही लगेच येत नाही, हे त्यांच्या चेहऱ्यावर वाचता येत होतं. लांबून दिसेल, नाकारता येणार नाही, असं काहीतरी करायला हवं होतं. आतलं बाहेर काढायला हवं होतं.

झेनॉनची टाकी. केंद्रात मॅडमनीच एकदा सांगितलं होतं, हा वायू कुणाशी भांडत नाही, कशाशी मिळत नाही, विष नाही, वास नाही.

‘बघा!’ तो ओरडला. ‘आतलं सगळं मी छातीत घेतो!’

‘मन्मथ? काय घेतोस?’ फोन खिशात म्हणाला. ‘मन्मथ, थांब, तो वायू—’

त्यानं भरणनळीचं झाकण फिरवलं, नळी तोंडात धरली, कॉक उघडला. गार, जड काहीतरी घशातून खाली उतरलं. छाती भरली. त्यानं कॉक बंद केला, लोकांकडं तोंड केलं, हात पसरले.

‘बघा, मला काही झालं नाही.’

असं तो म्हणाला. पण ते त्याच्या आवाजात निघालं नाही. आवाज जड वायूतून हळू चालतो. झेनॉन हवेच्या चौपट जड. घशात झेनॉन असला की माणसाचा आवाज तळाला जातो. मॅडम थांब म्हणत होत्या ते यासाठीच. दोनशे माणसांनी जे ऐकलं ते रेड्याच्या घशातून आल्यासारखं होतं, लांबलेलं, माणसाचं नसलेलं.

त्याला स्वतःलाही ते ऐकू आलं आणि तो दचकला. ‘अरे, हे वायूमुळं,’ असं सांगायला गेला. तेही त्याच आवाजात.

एक बाई किंचाळली. पहिला दगड त्याच्या मांडीवर बसला, दुसरा गळ्याखाली, आणि आत काहीतरी काडीसारखं मोडलं. डोकं गरगरत होतं. झेनॉननं भूलही चढते, हे त्याला माहीत नव्हतं. तो गुडघ्यावर आला. दगड पेटीच्या पत्र्यावर टणटणत होते. मग लोक पळाले. ढकलत, एकमेकांना तुडवत, पोरांना काखेत मारून. गोठ्याजवळचे चौघेही पळाले. मास्तर तेवढे मागं मागं सरकत होते, बोट त्याच्याकडं रोखून. ‘बघा! बघा! मी म्हणत नव्हतो?’

गोठ्यापाशी आता कुणीच नव्हतं.

‘निळा डबा,’ मॅडम म्हणत होत्या. ‘मन्मथ, चार स्क्रू, दोन मिनिटं लागतात. मन्मथ, तीस हजार वर्षं—’

डबा त्याच्या उजव्या हातापासून वीतभर होता. उजवा हात उचलला जात नव्हता. रस्त्याच्या टोकाला पळणारे लोक थांबून माघारी बघू लागले होते. त्यांच्यात पुन्हा मास्तरांचा आवाज उठला होता, आणि डिझेलचे डबे त्यांच्या हातात तसेच होते.

तो जीपकडं धावला.

पत्रा

जीप गोठ्याच्या भिंतीत घातली तेव्हा आधी पत्रा वाकला, मग खांब तुटला, मग छप्पर बॉनेटवर बसलं. आत बसवराज कोपऱ्यात होता. डावा पाय नडगीतून वेगळ्याच दिशेला गेला होता. त्यानं जीप पाहिली, दाजींना पाहिलं, आणि जमिनीवरून सरपटत मागं सरकला.

‘जवळ येऊ नका! दाजी, मला लागलंय. अक्काला होईल!’

‘गप.’

‘पाया पडतो, हात लावू नका!’

मन्मथनं एका हातानं त्याच्या सदऱ्याची कॉलर धरली आणि ओढलं. बसवराजनं त्याच्या मनगटाला चावा घेतला, रक्त निघेपर्यंत. मन्मथनं त्याच्या तोंडावर कोपर मारलं. आपण कुणाला वाचवतो आहोत आणि कुणाला मारतो आहोत, याचा विचार करायला वेळ नव्हता. शेवटी पायाची कळ वरपर्यंत गेली आणि बसवराज शुद्ध हरपून सैल पडला. मग त्याला मागच्या सीटवर घालणं सोपं गेलं.

जीप मागं घेताना आरशात दिसलं: लोक गोठ्याकडं आलेच नाहीत. ते पेटीकडं गेले. मास्तर सगळ्यांत पुढं, हातात पेटता बोळा.

‘मॅडम, ते पेटी जाळायलेत.’

फोनमध्ये श्वास ऐकू आला. मग मॅडम म्हणाल्या, ‘बॅटरी. मन्मथ, लिथियमची बॅटरी आहे आत. त्यांना सांग, लांब व्हा! त्यांना सांग!’

त्यानं हॉर्न दाबून धरला. काच खाली करून ओरडला. आवाज आता त्याचा स्वतःचा होता, आणि तो कुणी ऐकला नाही.

स्फोट फार मोठा नव्हता. पांढरा, झटपट, आणि मग लागोपाठ दोन लहान. मास्तर होते तिथं धूर होता.

रस्ता

शुद्धीवर आल्यावर बसवराज मागच्या सीटवर दाराला चिकटून बसला, टॉवेल नाकातोंडावर दाबून. पाण्याची बाटली त्यानं दोन घोटांत संपवली आणि खिडकीतून फेकून दिली, म्हणजे ती दुसऱ्या कुणी वापरायला नको.

मन्मथनं सगळं सांगितलं. गाडी एका हातानं चालत होती, गियर बदलताना गळ्याखालचं हाड करकरत होतं. चार ओळी कशा लिहिल्या, कधी लिहिल्या. सात कॉल. टॉवेल-टोपी.

बसवराजनं विचारलं,

‘लेकरं का ओकली मग?’

‘उन्हानं. नाहीतर भ्यानं. एक ओकलं की दुसरं ओकतं.’

‘मास्तर?’

‘गेले असतील.’

‘अन् उमाकांत?’

‘तो मागं होता.’

टॉवेलमधून हसल्यासारखा आवाज आला. ‘तुमचं नाव मुद्दाम नव्हतं गाळलं. यादी उमाकांतच्या हातात होती, त्याला चष्मा लागतोय, पण लावत न्हाई.’ मग थोड्या वेळानं: ‘दाजी, एक करा. दवाखान्यात असलं काही सांगू नका.’

‘कसलं?’

‘किरण नव्हते असं. होते म्हणा. कमी झालेत म्हणा, उतरलेत म्हणा. मला परत तिथंच जायचंय. रान तिथंय. गौरी लेकरू घेऊन तिथंच येणार. किरण होते म्हणून त्यांनी मारलं, तर मी त्यांच्यात बसू शकतो. नव्हते तर मग...’ त्यानं काचेतून बाहेर बघितलं. ‘मग नुसती माणसंच होती की वो.’

मन्मथनं शब्द दिला नाही, नाहीही म्हणाला नाही. फोन वाजला. मॅडम होत्या. डब्याचं त्यांनी विचारलं नाही. ‘तुझा मेव्हणा?’

‘जिवंत आहे.’

‘चिठ्ठीवर सही माझी आहे, मन्मथ,’ त्या म्हणाल्या. ‘मी पोलिसांकडं निघालेय.’

तालुक्याचा दवाखाना

बातमी त्यांच्या आधी पोचली होती. वॉर्डबॉय नव्हते, भूल देणारा नव्हता, औषधाच्या खिडकीला कुलूप होतं. एकटी तरुण डॉक्टर दारात उभी होती, दोन्ही हातांनी चौकट धरून, स्वतःलाच पळू न देण्यासाठी धरल्यासारखी. तिनं लांबूनच बसवराजच्या पायाकडं पाहिलं.

‘बोटं हलवा.’

हलली नाहीत. पाऊल निळसर पडलं होतं.

‘हाडानं रक्त अडवलंय,’ ती म्हणाली. ‘आत्ता ओढून सरळ केलं तर पाय वाचेल. इथून जिल्ह्याला पाठवला तर तीन तास, तिथं फक्त कापतील. पण आधी मला सांगा. याला किरणांची बाधा आहे का? हो असेल तर मी हात लावू शकत नाही. माझ्याकडं काहीच साधन नाही. एका शब्दात सांगा.’

बसवराज स्ट्रेचरवरून मन्मथकडं बघत होता. त्यानं मान किंचित हलवली. होते म्हणा.

मागं टेम्पो येऊन थांबला. डिगोळखेडचे लोक उतरले, पाच-सहा जण. मास्तरांना त्यांनी चादरीत आणलं होतं. चादर तोंडावरूनही ओढलेली होती. उतरणाऱ्यांत उमाकांत होता. मन्मथच्या फुटलेल्या ओठाकडं बघत ते सगळे जागच्या जागी थांबले. तो काय सांगतो, हे त्यांनाही ऐकायचं होतं.

‘नाही,’ मन्मथ म्हणाला. मग सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं, ‘बाधा नाही. कधीच नव्हती. कुणालाच नव्हती.’

बसवराजनं तोंड भिंतीकडं वळवलं.

डॉक्टरनं चौकट सोडली. ती आली, पायाला हात लावला, नडगी चाचपली. ‘मला पाय ओढायचाय. कुणीतरी वरून खांदे धरा. घट्ट. भूल नाही, नुसतं इंजेक्शन आहे. हा उसळेल, सुटला तर शीर फाटेल.’

मन्मथ पुढं झाला. ‘तुमचं हाड मोडलंय,’ ती म्हणाली, ‘तुम्ही नको.’ तिनं दाराकडं पाहिलं. ‘तुमच्यातला कुणीतरी. लवकर.’

एक जण टेम्पोच्या मागं सरकला. मग उमाकांत आला. हात धुवायला नळ शोधला, नळाला पाणी नव्हतं, तसाच आला. स्ट्रेचरच्या डोक्याशी उभा राहून त्यानं बसवराजचे दोन्ही खांदे दाबून धरले. त्याच्या बोटांना अजून डिझेलचा वास होता.

‘धरलं?’

‘धरलं.’

डॉक्टरनं ओढलं. बसवराज ओरडला, तो आवाज रिकाम्या वॉर्डांतून फिरून परत आला. त्याचं डोकं उमाकांतच्या पोटावर आपटत होतं. उमाकांतनं डोळे मिटले होते, पण पकड सोडली नाही.

ओरडणं ओसरल्यावर बसवराजनं डोळे उघडले. वर, उलटा, उमाकांतचा चेहरा होता.

‘काडी तूच लावलीस?’

‘हो.’

‘पहिली?’

उमाकांतनं मान हलवली. त्याच्या हनुवटीवरून घाम बसवराजच्या कपाळावर टपकत होता. दोघांपैकी कुणालाच तो पुसता येत नव्हता.

‘बोलू नका,’ डॉक्टर म्हणाली. तिनं पायावरची पकड बदलली. ‘अजून बसलं नाही. परत एकदा ओढते. धरा.’